खुलासा : लिंबूपाण्याने दारू उतरत नाही

"कडक काळी कॉफी किंवा अख्खं लिंबू पिळून पाणी प्या, अर्ध्या तासात उतरते, मग खुशाल गाडी चालवा", असा मेसेज 31 डिसेंबर जवळ आल्यावर साताऱ्यातल्या ग्रुपांवर पुन्हा फिरतोय. हे साफ चुकीचं आहे.

दारू उतरवतं ते यकृत, आणि त्याला घाई करता येत नाही. ते तासाला साधारण 7 ते 10 ग्रॅम मद्यार्क संपवतं. व्हिस्कीच्या 60 मिलीच्या एका लार्ज पेगमध्ये जवळपास 20 ग्रॅम असतो. म्हणजे एका पेगला दोन-तीन तास! रात्री बारापर्यंत असे तीन घेतले, तर पहाटे पाचलाही अंगात दारू असू शकते. कॉफीने डोळे उघडे राहतात, पण ब्रेकवर पाय उशिराच पडतो. गार पाण्याची आंघोळ, उलटी, यांचीही तीच गत.

कासवरून यवतेश्वर घाटाने रात्री खाली उतरलेल्यांना ठाऊक आहे : वळणावर समोरच्या गाडीचा लाइट अचानक डोळ्यांवर येतो, निर्णयाला एखादा सेकंद मिळतो. तो सेकंदच दारू खाते, म्हणून हा मेसेज बघून जीव तुटतो.

कायद्याने 100 मिली रक्तात 30 मिलिग्रॅमपेक्षा जास्त मद्यार्क हा गुन्हा आहे. पहिल्यांदा सापडल्यास 10,000 रुपये दंड, सहा महिन्यांपर्यंत कैद, किंवा दोन्ही.

पिऊन कुणी हाकेला ओ देत नसेल, तर लिंबू पाजू नका, ठसका लागून श्वास अडकतो. कुशीवर वळवा, 108 ला फोन करा.