एकदा जाऊन भागत नाही

काल रात्री बाबांना आनंद पटवर्धनांची 'जय भीम कॉम्रेड' ही डॉक्युमेंटरी लावून दिली. म्हणाले अर्धा तास बघतो नि झोपतो. तीन तासांच्या वर आहे ती, पूर्ण बघितली, मधे एकदाच पाणी प्यायला उठले. शाहीर विलास घोगरे गायला लागले तेव्हा तर खुर्ची ओढून टीव्हीजवळच जाऊन बसले.

पटवर्धनांचं नाव काढलं की लोक लगेच कोर्ट, सेन्सॉर, वाद यावर येतात. मला त्यांची मोठी गोष्ट वेगळीच वाटते, हा माणूस परत परत जातो. घोगऱ्यांचं गाणं त्यांनी 'बॉम्बे हमारा शहर'मध्ये घेतलं होतं, १९८५ ची फिल्म. मग ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले, पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले, आणि चार दिवसांनी घोगऱ्यांनी आत्महत्या केली. पटवर्धन तेव्हापासून जे त्या वस्त्यांत, त्या शाहिरांच्या घरी जात राहिले ते चौदा वर्षं, फिल्म आली २०११ ला. चौदा वर्षं हो! तेवढ्यात पोरं बारशापासून दहावीला येतात.

आणि त्या १९८५ च्या फिल्ममध्ये फुटपाथवरची एक बाई त्यांनाच सुनावते, की आम्हा गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आमच्यासाठी काय करणार? हे कापून टाकणं किती सोपं होतं, पण त्यांनी ते ठेवलं. पुढच्याच वर्षी मुंबईतल्या संजय गांधी नगरच्या झोपड्या तुटल्या तेव्हा शबाना आझमी आणि तिथल्या रहिवाशांबरोबर स्वतः उपोषणाला बसले, त्या लोकांना गोरेगावकडे जागा मिळाली. मला तर ते त्या बाईला दिलेलं उत्तरच वाटतं.

आपल्या मध्य प्रदेशाशीही त्यांचं जुनं नातं आहे बरं का, तरुणपणी होशंगाबादकडे 'किशोर भारती' या संस्थेत गावात राहून काम केलंय.

२०२३ ची 'वसुधैव कुटुंबकम्' मात्र घरातली आहे. म्हातारे आई-वडील, आई निर्मलाताई मातीची भांडी घडवणाऱ्या, वडील स्वातंत्र्यलढ्यातल्या घरातले. फिल्म करायची म्हणून नाही, आपले आई-वडील म्हणून शूट करत गेले आणि फिल्म नंतर झाली. ती बघूनच मी इंदूरच्या मल्हारगंजला आत्याकडे तिला शूट करायला फोन घेऊन गेलो होतो. पहिल्यांदा आत्या एकदम सावरून बसली, पदर नीट केला, शाळेत धडा म्हणावा तसं बोलली. दुसऱ्यांदा फोन खिशातून काढलाच नाही. तिसऱ्यांदा म्हणाली, विचारायचं ते नंतर विचार, आधी मटार सोलू लाग. फोन ताटाच्या बाजूला तसाच चालू, आणि सोलता सोलता आपणहून सुरू झाली, लग्न होऊन खंडव्याहून छोट्या गाडीनं इंदूरला येत होती, कालाकुंड स्टेशनला गाडी थांबली, सासऱ्यांनी पानातला कलाकंद घेतला आणि सगळ्यांच्या आधी हिच्या हातावर ठेवला.