18 फूट गुलाबी

काल लग्नाला निघताना पडवीच्या पत्र्याच्या कडेला खांदा घासला आणि पांढऱ्या सदऱ्यावर लालसर पट्टा उमटला, मांडवात तिघांनी विचारलं, "पान खाता काय हल्ली?" घरी येऊन ब्लीच लावलं तर डाग आणखीनच पक्का झाला. गंजाच्या डागाला ब्लीच लावायचं नसतं हे नंतर कळलं, मला सगळं नंतरच कळतं.

आज सदरा पुरावा म्हणून पिशवीत घातला आणि तडक हार्डवेअरचं दुकान गाठलं. म्हटलं, जस्ताचा थर दिलेल्या लोखंडी जीआय पत्र्याच्या कापलेल्या कडेला लावायला जस्तवाला पेंट द्या. त्याने सिल्व्हर पेंट पुढे सरकवला. अहो हा अॅल्युमिनियमचा, मला वाळल्यावर 90 टक्क्यांच्या आसपास जस्त राहील असा हवाय. "पण चमकतो ना?" म्हणाला.

तिथे एक काका अर्धा तास दोन वायसर निवडत होते. दोनच.

"नेलपॉलिश लावा," काका म्हणाले. "मी 18 फूट लावलंय. हिच्या गुलाबी बाटल्या होत्या, त्या संपल्या मग लाल."

"आणि गंज?"

"दिसत नाही."

"म्हणजे लागला नाही?"

"दिसत नाही म्हणालो. लालवर कसा दिसणार?"

"काकू काही बोलल्या नाहीत?"

"अजून बोलत नाही ती."

आता मलाही चेव आला. म्हटलं काका, जस्त लोखंडाच्या आधी स्वतः झिजतं, म्हणून कात्रीने कापलेली अर्ध्या मिलीमीटरची उघडी कड दोन्ही बाजूंचं जस्त मिळून बरीच सांभाळतं, पण आमच्या फॅब्रिकेटरने फिरवला ग्राइंडर! जस्त 419 अंशाला वितळतं, कडेचं सगळं जळालं, वर लोखंडाच्या ठिणग्या पत्र्यावर चिकटल्या त्या वेगळ्याच गंजल्या, त्यात आमच्या रत्नागिरीची खारी हवा. कात्री वापर म्हटलं तर म्हणे हात दुखतो. तुझा हात दुखतो म्हणून मी दर पावसाळ्यात शिडीवर चढू? पैसे घेताना नाही दुखला हात. आता फोनपण उचलत नाही.

काकांनी एक वायसर परत ठेवला, दुसरा उचलला.

जस्तवाला पेंट मागवावा लागेल, आठ दिवस, असं दुकानदार म्हणाला. बाहेर पाऊस सुरू झालेला. मी पुरावा काउंटरवर पसरला, काकांनी तो उजेडात धरून नीट पाहिला.

"कात जास्त झालाय," म्हणाले.