उकंड्याचा उत्कर्षराव कसा करावा

आपल्या नावाचा आणि आडनावाचा अर्थ शोधायची हौस तुम्हाला लागली असेल तर अभिनंदन. सोयाबीनवर अळी आहे, कपाशीत डवरणी अडली आहे, लाइन रात्री दोनला येते आणि चारला जाते; अशा दिवसांत माणसानं यापेक्षा निकडीचं काम ते कोणतं करावं? मी स्वतः नुकताच या विद्येचा प्रसाद घेतला आहे. म्हणजे सरकारी कचेरीला चार खेटे घातले आहेत. तेव्हा दोन गोष्टी हक्कानं सांगतो.

सगळ्यात आधी उत्तर ठरवून घ्या, शोध मागाहून. मूळ पुरुष राजस्थानातून निघालेला असावा, घोड्यावर असावा, आणि इकडं येऊन तलवार कोठीत ठेवून शेती करू लागलेला असावा. तो शेजारच्या तालुक्यातून बंडीत भांडीकुंडी घालून आला होता असं निघालं, तर शोध चुकला समजा. पुन्हा सुरुवात करा.

आडनावाच्या शेवटी ‘कर’ असला की माणूस थेट कोकणात नेऊन बसवा. मेळघाटातल्या कोरकू घरांत कासदेकर, बेठेकर, मावस्कर, जांबेकर अशी आडनावं पिढ्यांपासून आहेत. तरी धारणीकडच्या मास्तरला ‘तुमचं मूळ गाव रत्नागिरीकडं का हो?’ असं मोठ्या प्रेमानं विचारणारे लोक मी या डोळ्यांनी पाहिले आहेत. मास्तर बिचारा हसतो. तुम्हीही विचारा, हसेल.

‘वार’ असेल तर आणखी मजा. चंद्रपूर, गडचिरोली, यवतमाळकडं वडेट्टीवार, मुनगंटीवार, बोंगिरवार अशी आडनावं रग्गड. हा ‘वार’ तेलुगूतल्या ‘वारु’चा, आपल्या ‘राव’, ‘जी’सारखा मानाचा शब्द, अमक्या घरची मंडळी असं सांगणारा. पण हा अर्थ फारच साधा पडतो, शिवाय पैनगंगा ओलांडून आदिलाबादकडं जातो. त्यापेक्षा वार म्हणजे तलवारीचा वार असं ठोकून द्या. ऐकणाऱ्याची मान आपोआप डोलते.

वाघमारे असाल तर अर्थ सांगण्याआधी जवळपास वनरक्षक नाही ना ते पाहून घ्या. 1972 पासून कायदा कडक आहे.

पाटीलकी 1962 च्या कायद्यानं गेली. हे वाक्य गावात मोठ्यानं वाचू नका.

बाळाचं नाव असं ठेवा की आजीला हाक मारता येऊ नये.

गोंडांच्या आडनावांच्या वाटेला मात्र जाऊ नका, कारण तिथं खरोखर अर्थ सापडतो. टेकाम म्हणजे साग, मरकाम म्हणजे आंबा. आडनाव कळलं की घरचे देव किती तेही कळतं, चार, पाच, सहा की सात. आणि सारख्या देवांच्या घरांत सोयरीक होत नाही, ते भाऊबंद. झाड, देव, नातं, सगळं एका आडनावात बसवलेलं. इतकी चोख व्यवस्था असली की त्यात राजस्थान घुसवायला जागाच उरत नाही. मजा नाही.

आता मुख्य मुद्दा, पूर्वजांच्या नावांची दुरुस्ती.

माझ्या आज्याचं नाव उकंडा. आमच्याकडं उकिरड्याला उकंडा म्हणतात, हे वऱ्हाडातल्या माणसाला सांगायला नको. गेल्या वैशाखात पुतण्याचं लग्न झालं. पत्रिकेत ‘कै. उकंडाजी’ छापणं बरं दिसत नाही असं घरातल्या शिकलेल्यांचं म्हणणं पडलं. मुलीकडच्या पाहुण्यांत एक निवृत्त गृहस्थ होते, आडनावांचे अभ्यासक. त्यांनी दोन मिनिटं डोळे मिटले आणि सांगितलं, ‘उकंडा हा अपभ्रंश आहे. मूळ संस्कृत शब्द उत्कर्ष.’ झालं. पत्रिकेत आमचा आजा सोनेरी अक्षरांत ‘कै. उत्कर्षराव’ होऊन आला. सरकारनं 1964 साली चांद्याचं चंद्रपूर केलं, तर आम्ही एका आज्याचं का करू नये?

गृहस्थ अगदीच खोटं बोलले नाहीत, हे कबूल केलं पाहिजे. संस्कृतात ‘उत्कर’ असा शब्द आहे खरा. यज्ञाच्या जागी झाडलोट करून केर जिथं टाकत त्या जागेला उत्कर म्हणत, आणि आपला उकिरडा तिथूनच आला. म्हणजे ते एका ‘ष’नं चुकले. पार वेदांपर्यंत नेऊन पाहिला तरी उकंडा तो उकंडाच राहिला, आणि माझ्या आज्याला त्याची कधी लाज वाटली नाही.

पत्रिकेपुरतं असतं तर मी गप्प बसलो असतो. पण यंदा पुतणीला जात पडताळणीची फाईल टाकायची होती. तिथं जुना पुरावा लागतो. ज्याच्या त्याच्या प्रवर्गाप्रमाणे कोणाला 1950 च्या आधीचा, कोणाला 1961, कोणाला 1967. (माझ्या वाट्याला कोणतं साल आलं ते विचारू नका, त्यावर पुढं बोलायचंच आहे.) आमच्याकडं पुरावा एकच, कोतवाल बुकातली, म्हणजे गावच्या जन्ममृत्यूच्या जुन्या वहीतली नक्कल. त्यात माझ्या बापाच्या जन्माची नोंद अशी : ‘उकंड्या वल्द सोम्या, यास मुलगा.’ बस. मुलाचं नाव नाही. दोन वर्षांनी आत्या झाली तिची नोंद ‘यास मुलगी’. तेव्हा कोतवाल नाव लिहीतच नसे. लेकरू जगेल का मरेल याचा भरवसा नाही, तर शाई कशाला घाला? आता जिथं बापाचं नावच नाही, तिथं आज्याचं नाव हा एकच खुंटा. त्या खुंट्याला सगळी फाईल बांधायची. आणि वंशावळीच्या शपथपत्रावर आमच्या पुतण्यानं, स्वच्छ अक्षरात, काय लिहावं? उत्कर्षराव सोमाजी!

‘काका, पत्रिकेत तसंच छापलं होतं ना, मंग इथंई तेच लिवलं.’

खिडकीतल्या बाबूनं चष्मा वर केला. ‘हा उत्कर्षराव अन् हा उकंड्या एकच माणूस, हे मी कशावरून मानू?’ त्याचं काही चुकलं नव्हतं. मलाही तो एकच माणूस वाटत नव्हता. मग नवीन शपथपत्र. मग शाळेतून दाखलखारीजची, म्हणजे नाव घातल्या-काढल्याच्या रजिस्टरची नक्कल, तिथं हेडमास्तर ट्रेनिंगला. मग पोलीस पाटलाचा दाखला. मग आज्याला पाहिलेली दोन म्हातारी माणसं साक्षीला. एकाला ऐकू येत नाही, दुसऱ्याला दिसत नाही, दोघांना मिळून बसमध्ये चढवलं. त्यातल्या एकानं बाबूसमोर सांगितलं, ‘उत्कर्ष बित्कर्ष कोनी नोयता बाप्पा आमच्या गावात. उकंडाजी होता. बैल लय चांगले पारखे.’ सगळ्या फाईलीत खरं वाक्य ते एकच. चार खेटे, आणि डवरा वावराच्या धुऱ्यावर आडवा पडलेला. माझ्या पुतणीनं महिनाभर घरात कोणाशी धड बोलणं केलं नाही, कारण तिचा प्रवेश एका दिवंगत म्हाताऱ्याच्या उत्कर्षात अडकला होता.

आता अर्थच पाहिजे ना, तर घ्या अर्थ. आज्याच्या आधीची चार लेकरं गेली होती, दोन देवीनं, दोन हगवणीनं. पाचवा झाला तेव्हा पणजीनं त्याला नाळ कापल्या कापल्या नेऊन उकंड्यावर ठेवला. शेजारणीनं तो उचलला आणि सूपभर कोंड्याच्या मोलानं पुन्हा पणजीलाच विकला. का? तर यमाला वाटावं, हे टाकलेलं, विकत घेतलेलं पोरगं आहे, याला कोण नेईल? गावोगावचे दगडू, धोंडू, कोंडू, भिकाजी असेच उरले. ते नाव म्हणजे एका बाईनं मरणाशी केलेला सौदा होता आणि तो सौदा तिनं जिंकला. तिचा मुलगा जगला, म्हणून माझा बाप झाला, म्हणून मी आहे, म्हणून सोनेरी अक्षरांत पत्रिका छापणारा तू आहेस. आणि तुला ते नाव बरं दिसत नाही?

याच मातीत यावलीच्या माणिक इंगळेला गुरूनं तुकड्या म्हटलं आणि माणिक हे नाव मागं पडलं. शेंडगावच्या डेबूजी जानोरकराच्या हातात फुटकं गाडगं होतं, म्हणून लोक गाडगे महाराज म्हणू लागले. आज नागपूरचं विद्यापीठ तुकडोजींच्या नावानं आहे, अमरावतीचं गाडगेबाबांच्या. तुकडा आणि गाडगं. तिथून पदव्या घेऊन आलेली पोरं घरी येऊन आज्याच्या नावातला उकंडा झाडून काढतात.

राहिली एक शेवटची युक्ती, तीही त्याच अभ्यासकांकडून शिकलो. लग्नाच्या पंगतीत ते माझ्या शेजारी बसले होते. पहिला घास घेण्याआधी : ‘आपलं पूर्ण नाव?’ मी सांगितलं. आमचं आडनाव वानखडे, इंगळे, तायडे यांच्यासारखं, चार-पाच जातींत सापडणारं. त्यामुळे गाडी अडली. ‘मूळ गाव कोणतं?’ सांगितलं. ‘गावात तुमची घरं कोणत्या बाजूला?’ सांगितलं नाही. ‘मामाकडचं आडनाव?’ ‘कुलदैवत?’ ‘सोयरिकी कुठं कुठं?’ वरणाची बादली दोनदा येऊन गेली, या माणसाचा भात कोरडाच. आणि हे सगळं कशासाठी, तर ‘मला आडनावांच्या व्युत्पत्तीत रस आहे.’

कसली व्युत्पत्ती? सरळ विचार ना बे, जात कोणती म्हणून! एवढा फेरा कशाला? खिडकीतल्या बाबूनंही जात विचारली, पण ते त्याचं काम आहे, त्यातून पोरीला कॉलेजात जागा मिळते. तुम्ही पंगतीत विचारता त्यातून कोणाला काय मिळतं? भाड्याच्या खोलीसाठी विचारता, नवीन मास्तर आला की विचारता, बसमध्ये शेजारी बसलेल्या अनोळखी माणसाला विचारता. आणि उत्तर मिळालं की तुमचा आवाज बदलतो. कधी ‘अहो’चं ‘अरे’ होतं, कधी ‘अरे’चं ‘अहो’. तो बदल समोरच्याला ऐकू येतो, हे इतक्या वर्षांत एकदाही लक्षात आलं नाही? आलं असेल. लाज नाही, एवढंच.

हा लेख वाचताना जे लोक माझं आडनाव हुडकत होते, त्यांनाही हेच.

दिवाळीनंतर पुतण्याच्या पोराचं बारसं आहे. पाळण्यात जे घालायचं ते नाव घाला, मी काही बोलणार नाही. पण पत्रिकेत खापरपणजोबा उकंडाजी असेच छापले गेले पाहिजेत, आणि त्या अभ्यासकांना बोलावणार असाल तर मला बोलावू नका.