एका पुलाची डागडुजी

विकिपीडियावरच्या लेखातला एक स्वल्पविराम चुकलेला दिसतो, तिथून या दुखण्याला सुरुवात होते. 'संपादन'वर टिचकी मारायची, स्वल्पविराम सरकवायचा, सारांशाच्या चौकटीत 'शुद्धलेखन' असं लिहायचं आणि जेवायला उठायचं, एवढाच बेत असतो. पण शेजारचं वाक्य डोळ्यांत खुपतं. 'हा पूल अतिशय प्राचीन असून जगप्रसिद्ध आहे.' किती प्राचीन? कुठल्या जगात? आणि वाक्याच्या शेपटीला संदर्भाचा आकडाही नाही. जेवण गार होतं.

पूल कुठला ते सोडा. विकिपीडियावर ज्या लेखाला हात घालावा त्यात असा एक पूल निघतोच, मग लेख फुलपाखरांवर का असेना.

एवढे बसलोच आहोत तर लेख वरच्या दर्जाला नेऊन ठेवू, ही त्यापुढची चूक. या बाबतीत इंग्रजी विकिपीडियाचा कारभार फार काटेकोर. तळाशी 'स्टब' म्हणजे दोन-चार ओळींचं रोपटं, मग वर चढत चढत 'गुड आर्टिकल', त्याला हिरव्या वर्तुळातलं अधिकचं चिन्ह. आणि शिखरावर 'फीचर्ड आर्टिकल', त्याला कांस्य रंगाचा तारा. गुड आर्टिकलच्या अटी सहाच: लेखन नेटकं हवं, माहिती पडताळता यायला हवी, विषयाचा आवाका सुटता कामा नये, सूर तटस्थ हवा, लेख स्थिर हवा आणि शक्य तिथे चित्रं हवीत. भाड्याच्या घराच्या करारनाम्यात याहून जास्त अटी असतात, असं म्हणून माणूस कामाला लागतो. करारनामा निदान एकदा सही केली की संपतो.

खरी गंमत दुसऱ्या अटीत आहे. पडताळता येणं म्हणजे खरं असणं नव्हे. तुम्ही त्या पुलावरून रोज जात असाल, तुम्हाला त्याच्या प्रत्येक खांबावरची भेग पाठ असेल. इथे त्याचा उपयोग शून्य. कुणीतरी विश्वासार्ह ठिकाणी ते छापलेलं हवं. पूल बांधणाऱ्या कंपनीने स्वतःच्या संकेतस्थळावर केलेलं स्वतःचं कौतुक चालत नाही. कुणाचा ब्लॉग चालत नाही. पर्यटनाची जाहिरात तर नाहीच नाही. अखेर एक जाडजूड पुस्तक सापडतं, तेही इंटरनेटवरच्या पूर्वदर्शनात. पान ४६ दिसतं, पान ४८ दिसतं. लांबीचा आकडा पान ४७ वर असतो.

ग्रंथालयातून पुस्तक मिळवून पान ४७ गाठलं, की दुसऱ्या पुस्तकाशी ताळा घालायचा. समजा, पहिलं म्हणतं ४१२ मीटर, दुसरं म्हणतं ४२१. साध्या माणसाला वाटेल, टेप घेऊन मोजून यावं. सक्त मनाई! ते 'स्वतःचं संशोधन' झालं. सरासरी काढावी? तेही संशोधनच. एकाने दोन्ही टोकांचे जोडरस्ते धरले असणार आणि दुसऱ्याने नाहीत, हे शेंबडं पोरही सांगेल, पण त्या पोराचं म्हणणं कुठे छापून आलेलं नाही. तेव्हा मुकाट्याने 'अमुक ग्रंथात ४१२ मीटर, तर तमुक ग्रंथात ४२१ मीटर' असं लिहायचं. आणि लेखाच्या कडेच्या माहितीचौकटीत? तिथे एकाच आकड्याची जागा असते. त्या एका जागेपायी चर्चा पानावर जे महाभारत होतं, त्याची पर्वं मोजू नयेत.

याहून बेमालूम सापळा 'त्यामुळे' या शब्दात असतो. एका पुस्तकात लिहिलंय, पुलाचा दगड लांबून आणला. दुसऱ्यात लिहिलंय, त्या काळी लांबून दगड आणणं महाग पडे. आपण दोन्ही संदर्भ इमानाने देऊन लिहितो, 'त्यामुळे पुलाचा खर्च वाढला.' दोन्ही तळटिपा खणखणीत, तरी वाक्य बाद. दोन पुस्तकं वेगवेगळी होती, त्यांचं लग्न आपण लावलं. तिसऱ्या कुणी ते आधी लावून दिलेलं असेल तरच ते ग्राह्य.

संदर्भ सापडणं एक आणि तो लेखात नीट बसणं दुसरं. संदर्भाच्या खुणेतली एक तिरकी रेघ राहिली, की त्यापुढचे दोन-तीन परिच्छेद लेखातून गडप होतात. तळटिपेनेच ते गिळलेले असतात. एकच नाव दोन वेगळ्या संदर्भांना दिलं, की पानाच्या तळाशी लाल अक्षरांत बोंब. आयएसबीएनचा, म्हणजे पुस्तकाच्या ओळखक्रमांकाचा, एक अंक चुकला तरी लाल अक्षरं, कारण त्या तेरा अंकांना आळीपाळीने १ आणि ३ ने गुणून आलेल्या बेरजेला १० ने निःशेष भाग जावा लागतो. शेवटचा अंक त्याच पहाऱ्यासाठी बसवलेला आहे. शाळेत गणित चुकलं तर निदान मास्तर जवळ उभे असायचे. संकेतस्थळांचे दुवे तर जिवंत असतात तोवरच आपले. पान उडालं की इंटरनेट अर्काइव्हच्या वेबॅक मशीनमध्ये त्याची जुनी प्रत शोधायची. शहाणा संपादक दुवा देतो त्याच दिवशी प्रत साठवून ठेवतो. मी शहाणपणा नेहमी दुवा मेल्यावर करतो.

मग भाषा. 'अप्रतिम', 'नयनरम्य', 'सुविख्यात' ही मोरपिसं उपटायची. 'असे मानले जाते', 'जाणकारांच्या मते' या पळवाटा बुजवायच्या; मानतो कोण, जाणकार कुठले, ते नावानिशी लिहायचं किंवा वाक्य काढायचं. 'नुकताच' आणि 'सध्या' हे दोन शब्द दिसताच लेखातल्या बदलांच्या इतिहासाचं पान उघडून बघावं. पुलाला 'नुकताच' दिलेला रंग अकरा वर्षांपूर्वीचा निघतो. अशा जागी सरळ साल लिहावं. प्रस्तावना सगळ्यात शेवटी लिहावी, कारण ती लेखाचा गोषवारा असते: साधारण चार परिच्छेदांच्या आत, आणि खाली लेखात नाही असं काहीही तिच्यात नको. आपल्या बहुतेक लेखांत नेमकं उलटं असतं. सगळी मालमत्ता प्रस्तावनेत, खाली ओसाड.

पुस्तकातली वाक्यं जशीच्या तशी उचलता येत नाहीत, हे सगळ्यांना ठाऊक असतं. पण 'बांधला'च्या जागी 'उभारला' केलं म्हणून ती आपली होत नाहीत, हे पचायला वेळ लागतो. पुस्तक मिटायचं, चहा घ्यायचा आणि आठवेल ते आपल्या शब्दांत लिहून मग आकडे ताडून बघायचे, हा माझा उपाय. चित्रांचंही तेच. जालावर दिसलेला फोटो घेता येत नाही, मुक्त परवान्याचा लागतो. स्वतः जाऊन काढावा, तर काही देशांत पुलाच्या रचनाकाराचाही त्या फोटोवर हक्क पोहोचतो.

एवढं करून लेख परीक्षणाच्या रांगेत लावायचा आणि आठवडे, कधी महिने, निरीक्षणसूचीकडे, म्हणजे पाळतीवरच्या लेखांच्या यादीकडे, डोळे लावून बसायचं. गुड आर्टिकलला परीक्षक एकच असतो. तो साधारण सात दिवसांची मुदत देतो, आणि गेले तीन महिने रिकामे बसलेले आपण नेमके त्या सात दिवसांत कामात बुडालेले असतो. फीचर्डला परीक्षक अनेक. एक म्हणतो इतिहास फार लांबला, दुसरा म्हणतो इतिहास त्रोटक आहे. चित्रं तपासणारा वेगळा, संदर्भ तपासणारा वेगळा. सालांच्या मध्ये आखूड रेघ का, लांब का नाही, एवढाच प्रश्न विचारायला आलेला आणखी वेगळा. (लांबच हवी. मी आता वाद घालत नाही.) आणि एक जण हमखास येऊन म्हणतो, 'तळटीप २३, पान ४७, जरा दाखवता का?' तोवर पुस्तक ग्रंथालयात परत गेलेलं असतं.

स्थैर्याची अट या धुमश्चक्रीतही सुटत नाही. कुणी आपलं वाक्य फिरवलं, आपण उलटवलं, म्हणजे होतं तसं केलं, त्याने पुन्हा फिरवलं, असं चोवीस तासांत तीनदा उलटवून झालं की हात आवरावा. चौथ्यांदा उलटवलं तर बरोबर कोण हे बघण्याआधी बंदी पडू शकते.

तर तारा मिळतो. 'प्राचीन' कधीच गेलेलं असतं, त्या जागी बांधकामाची सालं बसलेली असतात. 'जगप्रसिद्ध' पहिल्याच दिवशी उडवलेलं. मग एक दिवस लेख मुखपृष्ठावर झळकतो, वाचकांची झुंबड उडते, आणि संध्याकाळपर्यंत कुणीतरी येऊन पहिल्याच ओळीत लिहून जातो, 'हा पूल अतिशय प्राचीन असून जगप्रसिद्ध आहे.' सारांशात 'किरकोळ बदल'.

उलटवायला बोट उचलावं तर शेपटीला संदर्भाचा आकडा! या वेळी पठ्ठ्याने रीतसर तळटीप दिलेली. वृत्तपत्र नावाजलेलं, तारीख आहे, पान आहे, दुवा चालू. उघडून बघावं तर तेच वाक्य, आणि पुढे रंग 'नुकताच' दिलेला, आणि तो चुकलेला स्वल्पविराम नेमका त्याच जागी. बातमी आपण डागडुजी सुरू करण्याच्या आदल्या आठवड्यातली. वार्ताहराने माहिती कुठून घेतली असेल, हे शेंबडं पोरही सांगेल.

चर्चा पान उघडायचं. जुन्या आवृत्तीचा दुवा, बातमीची तारीख, दोन्ही वाक्यं शेजारी शेजारी. खाली सहीसाठी चार टिल्डे (~~~~). जेवण झाकून ठेवा म्हणून सांगायचं.