अडसर धर्माचा, की कर्जाचा?

‘चेम्मीन’ या मल्याळम चित्रपटातील करुत्तम्मा आणि परीकुट्टी यांच्या प्रेमाआड केवळ धर्म आणि समुद्रमातेविषयीची श्रद्धा येते, हे या चित्रपटावरील आपल्या लेखातील विधान मला अपुरे वाटते. करुत्तम्मा हिंदू कोळ्याची मुलगी आहे आणि परीकुट्टी मासळीचा मुस्लिम व्यापारी. तिचा बाप चेंबनकुंजू होडी आणि जाळ्यासाठी त्याच्याकडूनच पैसे घेतो, मासळी त्यालाच विकण्याचा शब्द देतो आणि हाती पैसा येऊ लागताच तो शब्द मोडतो. लेखात या कर्जाचा उल्लेखच नाही, याची खंत वाटते.

माझे आजोळ वेंगुर्ल्याजवळच्या मच्छीमार वस्तीतले. तेथे व्यापाऱ्याकडून उचल घेतलेल्या घराला आपली मासळी दुसऱ्या कोणाला विकता येत नसे, आणि त्या घरातील बायकासुद्धा त्याच्यासमोर मान वर करून बोलत नसत. म्हणूनच बापाने परीकुट्टीचे पैसे फेडावेत यासाठी करुत्तम्माचा जीव का तुटतो, हे मला पहिल्यांदा पाहतानाच उमगले: ज्याचे आपण देणे लागतो, त्याच्यावर बरोबरीच्या नात्याने प्रेम कसे करावे, हा तिचा खरा पेच आहे. दिग्दर्शक रामू करिआट यांनी 1965 मध्ये तो इतक्या हळुवारपणे दाखवला आहे, की त्याकडे दुर्लक्ष झाले तर परीकुट्टी केवळ विरहगीत गाणारा प्रियकर उरतो.