आधी घोषणा, मग गरज

बांधकाम खातं मिळालं? अभिनंदन! आता एक पथ्य पाळा. प्रकल्प आधी जाहीर करा, त्याची गरज मागाहून शोधा. सल्लागाराला हवं ते उत्तर सांगून ठेवलं की व्यवहार्यता अहवाल वेळेत येतो.

अंदाजपत्रकात आकडा लहानसाच टाका. सिडनीचं ऑपेरा हाऊस ७० लाख डॉलरमध्ये होणार होतं. १९७३ मध्ये उद्घाटन झालं तोवर खर्च १० कोटी २० लाखांवर गेला होता. खरा आकडा आधी सांगितला असता, तर पाया तरी खणू दिला असता का कुणी? अर्धं काम झालं की मग ‘एवढे घातलेच आहेत, तर…’ हे वाक्य तुमच्या वतीने विरोधकच म्हणतात.

वापराची चिंता तर नकोच. काँक्रीट ओतलं की खर्च जीडीपीत धरला जातो. रस्त्यावरून पुढे कोण गेलं, हे त्या रकान्यात येत नाही. कॅनडात मॉन्ट्रियलजवळ मिराबेल विमानतळ १९७५ मध्ये सुरू झाला. प्रवासी जुन्याच विमानतळाला चिकटून राहिले, २००४ मध्ये प्रवासी विमानं थांबली आणि २०१४ मध्ये टर्मिनल पाडायला घेतलं. पाडकामाचा खर्चही जीडीपीतच! एका इमारतीने दोनदा विकास केला.

कुणी कुरकुरलं तर अर्थतज्ज्ञ केन्सचं नाव घ्या. नोटा बाटल्यांत भरून जुन्या खाणींत पुरा, लोक खणून काढतील, रोजगार वाढेल, असं त्यांनी १९३६ मध्ये लिहिलंच आहे. घरं बांधणं अधिक शहाणपणाचं, हे तिथेच लगेच पुढे म्हटलंय. ते वाचून दाखवू नका. हा सल्ला हात रिकामे असतानाचा होता, हेही नको. सगळे कामात असताना तुम्ही गवंडी पळवलेत तर मजुरी आणि पोलाद महागतं. त्याला ‘तेजी’ म्हणायचं.

दुरुस्तीपासून मात्र चार हात लांब राहा. खांब आणि पुलाचा वरचा भाग यांमधल्या बेअरिंगभोवतीचा चिखल काढणं, तुंबलेला पाण्याचा पाइप मोकळा करणं, उघड्या पडलेल्या सळईला लेप देणं: थोडक्या पैशांत पुलाचं आयुष्य वाढवणारी ही कामं. पण फीत बांधायची कुठे? पुलाखाली फोटोग्राफर वाकत नाही.

राहता राहिलं कर्ज. त्याच मॉन्ट्रियलच्या १९७६ च्या ऑलिंपिकचं देणं २००६ मध्ये फिटलं. फेडणाऱ्यांतले कित्येक तेव्हा जन्मलेही नव्हते. मतदार यादीत नव्हते, म्हणजे तुमच्या हिशेबातही नव्हते.