नाना, ते पाणी कोमट होतं

दिग्दर्शक हिचकॉकच्या ‘सायको’ या सिनेमाची पाच गुपितं सांगणारा एक मेसेज सध्या सांगलीभर फिरतोय. आमच्या सकाळी फिरणाऱ्यांच्या ग्रुपवर विश्रामबागच्या नानांनी तो सात वाजता टाकला आणि दुपारी मिरजेच्या मेहुण्याकडून तोच मला परत आला. पाचातलं पहिलं गुपित खरं आहे: बाथरूममध्ये वाहणारं रक्त म्हणजे चॉकलेट सिरप. उरलेल्या चारांबद्दल मात्र बोलायलाच हवं.

‘हिचकॉकने न सांगता बर्फाचं पाणी सोडलं, म्हणून नायिका जॅनेट ली खरोखर किंचाळली.’ अहो, शॉवरखालचा पाऊण मिनिटाचा तो खून चित्रित करायला सात दिवस लागले, कॅमेरा सत्तरच्या वर वेळा नव्याने लावला गेला. सातही दिवस बाई दचकतच होत्या की काय? खुद्द लीबाईंनी सांगून ठेवलंय की पाणी कोमट राहील याची युनिटने काळजी घेतली होती. किंकाळी हा त्यांचा अभिनय. त्याचं श्रेय नळाला कशाला?

‘खुनाच्या वेळचे ते कर्कश आवाज संगीत नसून यंत्रावर काढलेले आहेत.’ ही गल्लत ‘द बर्ड्स’शी झालीय. तिथे पक्ष्यांचे आवाज इलेक्ट्रॉनिक वाद्यावर काढले होते, पण तो सिनेमा 1963 चा. ‘सायको’त संगीतकार बर्नार्ड हरमनने फक्त तंतुवाद्यं घेतली. व्हायोलिनवर गज कसा ओढला की असं ओरखडल्यासारखं वाजतं, हे मिरजेच्या मेहुण्याला मी सांगायचं म्हणजे कमाल झाली. शिवाय त्या प्रसंगाला हिचकॉकला आधी संगीतच नको होतं. हरमनचं ऐकल्यावर त्याने मत बदललं.

चौथ्या गुपितात लेखकाने फारच हुशारी दाखवलीय. ‘सुरुवातीला पडद्यावर शुक्रवार, 11 डिसेंबर येतं, पण 1960 ची 11 डिसेंबर रविवारी होती, म्हणजे दिग्दर्शकाची घोडचूक!’ वार बरोबर काढलाय, वर्ष चुकलंय. सिनेमा लागला जून 1960 मध्ये. त्यातला डिसेंबर आधीचाच असणार ना? 11 डिसेंबर 1959 ला शुक्रवारच होता. मुळात तारीख घालायचं कारण मजेशीर आहे: फिनिक्सच्या रस्त्यांवर घेतलेल्या दृश्यांत नाताळची सजावट दिसत होती, आणि कथेत तर नाताळचं नावही नाही.

शेवटचं, ‘अमेरिकन पडद्यावर कमोड पहिल्यांदा इथेच दिसला.’ कमोड 1928 च्या ‘द क्राउड’मध्येही आहे. इथे गाजलं ते फ्लश करणं, आणि त्यापेक्षा फ्लश काय केलं ते बघा. नायिका मॅरियन मोटेलच्या खोलीत बसून वजाबाकी करते. चोरलेले 40,000 डॉलर, त्यातले गाडी बदलताना दिलेले 700 गेले, उरले 39,300. मग कागद फाडून कमोडमध्ये टाकते. पैसे परत करायचे तिने ठरवलंय, ही त्याची खूण. पुढे त्यातलाच न वाहून गेलेला एक कपटा बहिणीच्या हाती लागतो. एवढं सोडून मेसेजवाल्याला फक्त भांडं दिसलं!

हे सगळं ग्रुपवर टाकलं. तासाभराने नानांचं उत्तर आलं, “पण सिरपचं तरी खरं ना रे?”

खरं, नाना.